सड्यावर ट्रायपॉड लावण्याआधी: निसर्गदृश्याची संथ फिल्म पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी

राजापूर तालुक्यात माझं आजोळ आहे. वाडीतून पाखाडी, म्हणजे दगडी पायऱ्यांची वाट, चढून वर आलं की सडा, म्हणजे कातळाचं पठार, लागतो. काळपट तांबूस जांभा, लांबपर्यंत मोकळा, मधे कुठे तरी एखादं करवंदीचं जाळं. मी चित्रकलेचं शिक्षण घेतलं आणि दहा-बारा वर्षं निसर्गचित्रंच रंगवली. एकदा मे महिन्यात याच सड्यावर कागद घेऊन बसले होते. ढगाची सावली कातळावरून सरकत आली, वाळल्या गवतावर चढली, माझ्या पायांवरून पुढे गेली. सावली असेपर्यंत गप्प झालेला चंडोल ऊन आल्यावर पुन्हा बोलायला लागला. मला रंगवायचं होतं ते हे होतं आणि ते कागदावर येत नव्हतं. त्यानंतर मी कॅमेरा घेतला.

निसर्गदृश्याच्या संथ फिल्ममध्ये निवेदक नसतो, गोष्ट नसते, बहुतेक वेळा संगीतही नसतं. एकच स्थिर फ्रेम दोन मिनिटं, पाच मिनिटं, कधी दहा मिनिटं चालते आणि बघणाऱ्याला त्या जागी बसवून ठेवते. पर्यटनाचा व्हिडिओ वेगळा, प्राणी-पक्ष्यांची माहिती देणारी फिल्मही वेगळी. मी सुरुवात केली तेव्हा हे कसं करायचं ते विचारायला जवळपास कुणी नव्हतं. पहिली तीन वर्षं चुका करण्यात गेली. तुमची तेवढी वर्षं वाचावीत म्हणून हे सगळं क्रमाने लिहिते आहे. उदाहरणं कोकणच्या सड्यांची आहेत कारण मला तीच जागा माहीत आहे. तुमचं माळरान, खाडी किंवा नदीकाठ असेल तर त्याप्रमाणे बदल करून घ्या.

१. कॅमेऱ्याआधी बसायला शिका

पहिले चार दिवस रिकाम्या हाताने जा. एका जागी अर्धा तास बसा आणि समोर काय हललं ते वहीत लिहा. पहिल्या दिवशी पाच ओळीही होणार नाहीत. चौथ्या दिवशी पान भरेल.

मग फोन कशाला तरी टेकवून ५० सेकंदांची दहा दृश्यं घ्या. मधे फोनला हात लावायचा नाही. ५० सेकंद हा आकडा मी मुद्दाम सांगते. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईत वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची चलच्चित्रं दाखवली गेली तेव्हा एकेक चित्र साधारण एवढ्याच लांबीचं होतं, एका जागी ठेवलेल्या कॅमेऱ्याने घेतलेलं. त्यांतलं एक समुद्रस्नानाचं होतं. लाटा येतात, माणसं पाण्यात उड्या मारतात, एवढंच. ५० सेकंदांत कडेकडेने किती घडतं हे कळलं की पुढच्या पाच मिनिटांची भीती जाते.

२. जागा जवळची निवडा, प्रसिद्ध निवडू नका

नवख्याला पहिला मोह होतो कास पठाराचा. पश्चिम घाटातल्या ज्या ३९ ठिकाणांना २०१२ मध्ये जागतिक वारसा म्हणून मान्यता मिळाली त्यांत कास आहे, आणि ते सुंदर आहे याबद्दल वाद नाही. पण फुलांच्या हंगामात तिथे गर्दी असते, प्रवेशाला शुल्क आणि बंधनं असतात, आणि तुमच्या प्रत्येक फ्रेममध्ये छत्री घेतलेलं कुणी तरी येतं. पहिल्या फिल्मसाठी जिथे वर्षातून वीस-पंचवीस वेळा सहज जाता येईल, रात्री झोपायला घर असेल आणि पहाटे अर्ध्या तासात चालत पोहोचता येईल अशी जागा घ्या. रत्नागिरी जिल्ह्यात असे सडे गावोगावी आहेत.

पूर्ण सडा घेऊ नका. त्यातल्या तीन जागा पक्क्या करा. माझ्या तीन अशा: पाणी साठतं ती उथळ खोलगट, गडग्याचा (दगड रचून केलेल्या कुंपणाचा) कोपरा, आणि जिथून सडा संपून दरी सुरू होते ती कड. वर्षभर याच तीन जागांवरून, शक्यतो याच फ्रेमा.

त्याच फ्रेमवर परत येण्यासाठी एक साधी रीत आहे. फ्रेममधली दोन ठिकाणं धरा, एक जवळचं आणि एक लांबचं, समजा एक दगड आणि पलीकडच्या डोंगरावरचं एकटं झाड. झाड दगडाच्या नेमक्या कुठल्या कोपऱ्याच्या वर दिसतं ते पाहून ठेवा. तुम्ही हातभर डावीकडे सरकलात तरी झाड दगडावरून हलतं. पहिल्या दिवशीच्या फ्रेमची छापील प्रत लॅमिनेट करून सोबत ठेवा, त्यावर लेन्सचा आकडा आणि ट्रायपॉडची उंची लिहा. कातळावर रंगाने खूण करू नका. पावसाळ्यानंतर गवत कमरेपर्यंत येतं, दगड सापडत नाही, तेव्हा लांबच्या दोन खुणाही हव्यात. माझी गडग्याची जागा एका सप्टेंबरात दोन हातांनी चुकली आणि संकलनाच्या वेळी तो गडगा दर ऋतूला उडी मारताना दिसला.

एक गोष्ट कळकळीने सांगते. तुमच्या सड्यावर कातळशिल्पं असतील तर ट्रायपॉडचे पाय त्यांच्यावर ठेवू नका, आणि रेषा उठून दिसाव्यात म्हणून त्यांत खडू, चुना भरू नका. कोकणातली कातळशिल्पं २०२२ पासून जागतिक वारशाच्या तात्पुरत्या यादीत आहेत, पण बहुतेक शिल्पांवर राखण करायला कुणी नसतं. तिरप्या उन्हात, सकाळी लवकर किंवा सूर्य कलल्यावर, ती आपोआप उठून दिसतात.

३. वेळापत्रक नक्षत्रांवर बांधा

इंग्रजी महिन्यांवर आखणी केली की सड्यावरचं निम्मं हुकतं. वाडीतली माणसं पाऊस नक्षत्रांनी मोजतात आणि त्यांचंच वेळापत्रक मला उपयोगी पडलं.

मृग ७ जूनच्या आसपास लागतो. तापलेल्या कातळावर पहिली सर पडली की वाफ निघते, ती दहा-पंधरा मिनिटंच दिसते. मखमली लाल मृगाचे किडे आणि रात्री बेडूक. हे दोन-तीन दिवस वर्षात एकदाच मिळतात, म्हणून मी मृगाच्या चार दिवस आधीच जाऊन राहते. आर्द्रात खोलगटी भरतात. पुनर्वसू आणि पुष्य, म्हणजे तरणा आणि म्हातारा पाऊस, चित्रणाला सगळ्यांत अवघड. रत्नागिरीकडे वर्षाला ३००० मिलिमीटरहून जास्त पाऊस पडतो आणि त्यातला मोठा वाटा या दिवसांत येतो. धुकं इतकं उतरतं की पुढचा गडगाही दिसत नाही. तरी जा. पांढऱ्या फ्रेममधून एकदम एक म्हैस पुढे येते आणि पुन्हा नाहीशी होते, असं दृश्य दुसऱ्या कुठल्या दिवसांत मिळणार नाही.

आश्लेषा-मघाच्या ऊनपावसात सीतेच्या आसवांनी सडा जांभळा होतो. फुलं खूप बुटकी असतात म्हणून ट्रायपॉड अगदी खाली लागतो, आणि इथेच माणसं गालिच्यात पाय टाकतात. कातळाच्या उघड्या पट्ट्यावरूनच चाला, पट्टा नसेल तर त्या बाजूला जाऊ नका. पूर्वा-उत्तरात गवत चढतं. हस्तात दुपारनंतर गडगडाट होतो आणि गवत पिवळं पडायला लागतं. मग कापणी, उडव्या (रचलेल्या गंज्या), दवाच्या सकाळी. फाल्गुनापासून वणवे, आणि पुन्हा काळा कातळ.

उन्हाळ्यात टिटवी उघड्या कातळावर खड्यांमध्ये अंडी घालते. अंडी खड्यांसारखीच दिसतात. टिटवी डोक्यावर घिरट्या घालून ओरडायला लागली तर तुम्ही घरट्याजवळ आहात. सामान उचला आणि शंभर पावलं मागे या.

उजेडाबद्दल दोन आकडे लक्षात ठेवा. सूर्याच्या बिंबाला स्वतःच्या रुंदीएवढं सरकायला साधारण २ मिनिटं लागतात, म्हणजे बिंब क्षितिजाला टेकल्यापासून बुडेपर्यंत तेवढाच वेळ हातात असतो. आणि आपल्याकडे मेच्या पहिल्या पंधरवड्यात सूर्य माध्यान्हीला थेट डोक्यावर येतो, त्यानंतर जुलैअखेरपर्यंत तो दुपारी किंचित उत्तरेला असतो. डिसेंबरात उत्तरेकडे पडणारी दगडाची दुपारची सावली जूनमध्ये दक्षिणेला पडते. एकाच फ्रेममध्ये या दोन्ही सावल्या मिळाल्या तर वर्ष सरल्याचं वेगळं सांगावं लागत नाही.

किनाऱ्यावर काम करणार असाल तर तिथीची पाऊणपट करा: चतुर्थीला ३ वाजता, अष्टमीला ६ वाजता पूर्ण भरती. कोकण किनाऱ्यावर हा हिशेब जवळपास बरोबर येतो. नक्की वेळ भरती-ओहोटीच्या तक्त्यात बघून घ्या.

४. परवानगी: आधी माणसांची, मग कागदाची

मी पहिल्यांदा ट्रायपॉड लावला त्याला पंधरा मिनिटंही झाली नसतील, डोक्यावर गवताचा भारा घेतलेल्या एक आजी थांबल्या.

“काय गो बाय, मोजणीला आलीस?”

“नाही आजी, चित्र घेतेय. ढगांचं.”

“ढगांचं? आणि त्या तीन पायांचं यंत्र कशाला?”

कोकणात सड्यावर तिपाई घेऊन येणारा माणूस म्हणजे जमिनीची मोजणी करणारा, आणि मोजणी म्हणजे खाण किंवा प्रकल्प. ही शंका उगाच आलेली नसते. मी आजींना कॅमेऱ्याच्या पडद्यात बघायला बोलावलं. त्यांनी भारा खाली ठेवला, बराच वेळ बघितलं आणि म्हणाल्या, “आमच्या हितलं ऊन दिसतंय ह्यात.” संध्याकाळपर्यंत वाडीभर कळलं होतं आणि त्यानंतर मला कुणी अडवलं नाही.

तेव्हा पहिल्या फेरीत कॅमेरा बाहेर काढण्याआधी वाडीत जाऊन ओळख करून घ्या. रत्नागिरी जिल्ह्यात वनखात्याची जमीन फार थोडी आहे. बहुतेक सडे खाजगी मालकीचे असतात आणि एकेका सातबाऱ्यावर वीस-पंचवीस नावं असतात, त्यातली अर्धी मुंबईत. सगळ्यांची सही मिळणं शक्य नसतं. गावात राहणाऱ्या हिस्सेदाराची लेखी संमती आणि ग्रामपंचायतीला दिलेला अर्ज एवढं जवळ ठेवा. देवराईत किंवा देवळाच्या आवारात काम असेल तर गावकऱ्यांना आणि गुरवांना विचारल्याशिवाय पाऊल टाकू नका.

जवळ ठेवायचे कागद:

- ओळखपत्र आणि त्याच्या दोन प्रती
- ग्रामपंचायतीला दिलेल्या अर्जाची पोच. अर्जात तारखा, किती माणसं, कुठली उपकरणं, आणि ‘जमिनीची मोजणी किंवा खोदकाम नाही’ हे वाक्य
- जमीनमालकाची संमती, साध्या कागदावर चालेल
- पोलीस पाटलांना दिलेली प्रत
- सामानाची यादी, क्रमांकांसह (विमा असेल तर त्याचा कागदही)

अभयारण्य किंवा राष्ट्रीय उद्यान असेल, कोयना, राधानगरी, चांदोलीसारखं, तर गोष्ट वेगळी. तिथे वन्यजीव (संरक्षण) अधिनियम, १९७२ लागू होतो. अभयारण्यात शिरण्याचा परवाना कलम २८ खाली मिळतो. २०२२च्या दुरुस्तीपासून त्यात छायाचित्रणाबरोबर चित्रपटनिर्मितीचाही उल्लेख आहे, अट ही की अधिवासात काही बदल होता कामा नये आणि वन्यजीवांना त्रास होता कामा नये. अर्ज दोन-तीन महिने आधी करा आणि वाटेतल्या वनपालांना स्वतः जाऊन भेटा. केंद्रीय पुरातत्त्व विभागाच्या ताब्यातल्या किल्ल्यांवर हातातल्या फोनला कुणी काही म्हणत नाही, पण ट्रायपॉड उघडला की परवानगी लागते.

ड्रोनबद्दल प्रत्येक जण विचारतो. २०२१च्या ड्रोन नियमांत वजनाप्रमाणे वर्ग आहेत आणि हवाई क्षेत्राचे हिरवा, पिवळा, लाल असे भाग आहेत. उडवायचंच असेल तर ते आधी तपासा. माझं मत विचाराल तर नको. सड्यावर उभ्या माणसाच्या डोळ्यांच्या उंचीवरून जे दिसतं ते या कामाचं मर्म आहे, आणि त्या घरघरीने टिटव्यांपासून गुरांपर्यंत सगळी बिथरतात.

५. सामान

यादी मुद्दाम छोटी ठेवली आहे, कारण पाखाडी तुम्हालाच चढायची आहे.

- कॅमेरा: वापरलेला चालेल, नवा फोनही चालेल. सेकंदाला १०० मेगाबिट किंवा जास्त दराने ध्वनिचित्रण करणारा हवा. हलतं गवत आणि पाऊस कमी दरात चिखलासारखे दिसतात
- एकच लेन्स, माणसाच्या नजरेच्या जवळची, ३५ किंवा ५० मिलिमीटर
- जड ट्रायपॉड. पैसे वाचवायचे तर कॅमेऱ्यात वाचवा, इथे नाही
- एनडी फिल्टर (लेन्समध्ये येणारा उजेड कमी करणारी काळसर काच), ८ आणि ६४
- वेगळा ध्वनिमुद्रक, हेडफोन, मायक्रोफोनवरचं केसाळ वाराकवच
- दोन जादा बॅटऱ्या, तीन कार्डं
- सिलिका जेल, सुती पंचे, जाड प्लॅस्टिक पिशव्या
- वही आणि शिसपेन्सिल (पेनची शाई पावसात पसरते)

६. पावसात कॅमेरा वाचवणं

रत्नागिरीहून वाडीपर्यंत एकदा मी वातानुकूलित गाडीने आले, उतरले, बॅग उघडली आणि लेन्सवर आतून वाफ धरली. मृगाचा पहिला पाऊस समोर पडत होता आणि मी पाऊण तास पंच्याने काच पुसत उभी होते. गार झालेला कॅमेरा दमट हवेत उघडला की हे होणारच. बॅग बंद ठेवूनच अर्धा-पाऊण तास बाहेर राहू द्या, मग उघडा. येताना गाडीतला एसी शेवटचे वीस किलोमीटर बंद केला तर उत्तम.

दुसरा शत्रू बुरशी. ओल्या बॅगेत लेन्स आठवडाभर राहिली तर काचेवर जाळी धरते आणि ती पुसून जात नाही. घट्ट झाकणाचा प्लॅस्टिकचा डबा, तळाला सिलिका जेल, आत स्वस्त आर्द्रतामापक. काटा ४० ते ५० टक्क्यांत ठेवा. तांदळात ठेवायचा सल्ला मिळेल, तो ऐकू नका, तांदळाची भुकटी लेन्सच्या सांध्यांत जाते.

छत्री धरली तर तिच्यावर पडणाऱ्या थेंबांचा आवाज सगळ्या ध्वनीवर चढतो. वाडीतल्या एका काकांनी मला त्यांचं जुनं इरलं दिलं. बांबू आणि पानांवर पाऊस मऊ वाजतो. आता कॅमेरा आणि मी दोघंही इरल्याखाली बसतो.

७. फ्रेम लावा आणि हात काढून घ्या

सगळं स्वतःच्या हातात घ्या: फोकस, एक्स्पोजर (उजेड), व्हाइट बॅलन्स (रंगांचा तोल). यातलं काहीही आपोआपवर राहिलं तर ढगाची सावली आली की कॅमेरा स्वतःच उजेड वाढवतो, आणि तुम्ही जे टिपायला आलात तेच पुसलं जातं. फोनवर बोट दाबून धरलं की फोकस आणि उजेड कुलूपबंद होतात. फोन विमान मोडवर टाका.

सेकंदाला २५ फ्रेमा, शटर १/५०. यामुळे गवत डोळ्याला दिसतं तसं हलतं. पण भर उन्हात आयएसओ (कॅमेऱ्याची उजेडाची संवेदनशीलता) १००, शटर १/५० आणि ॲपर्चर (लेन्सचं भोक) एफ ८ ठेवलं तर चित्र ३ स्टॉपने (एक स्टॉप म्हणजे उजेड दुप्पट) जास्त उजळ होतं. तेवढंच कापायला एनडी ८ लागतो. तो नसला की लोक शटर वाढवतात आणि मग पाऊस सुयांसारखा तुटक दिसतो.

क्षितिज पाणपातळीने सरळ करा. ट्रायपॉडच्या मधल्या आकड्याला पिशवीभर वजन टांगा, जमिनीपासून चार बोटं वर. मग रेकॉर्डिंगचं बटण दाबून दहा पावलं मागे जाऊन बसा. झूम नाही, पॅन नाही. दहा मिनिटांपेक्षा आधी बंद करायचं नाही असा नियम स्वतःला घाला. सातव्या मिनिटाला वाटतं की आता काही होणार नाही, आणि पुष्कळदा तिथूनच वाऱ्याची दिशा फिरते. काही कॅमेरे २९ मिनिटं ५९ सेकंदांनी आपोआप थांबतात, तुमच्या कॅमेऱ्याचं आधी तपासून घ्या.

कुणी माणूस फ्रेममध्ये आला तर त्याला बाजूला व्हायला सांगू नका. गुरं घेऊन जाणारे दादा सड्यावर रोज जातात. नंतर त्यांना दृश्य दाखवा आणि ठेवू का म्हणून विचारा.

८. आवाज

नवख्या माणसाच्या फिल्मा बहुतेक इथे पडतात. माझी पहिली फिल्मही इथेच पडली: सबंध उन्हाळ्याचं चित्रण, आणि प्रत्येक दृश्यावर मायक्रोफोनवर आपटणाऱ्या वाऱ्याचा धबाधबा. तो झाकायला मी बासरी लावली. आज ती फिल्म बघताना मला सडा ऐकू येत नाही, बासरी ऐकू येते.

कॅमेऱ्याच्या आतल्या मायक्रोफोनवर विसंबू नका. ध्वनिमुद्रक कॅमेऱ्यापासून वीसेक मीटर लांब, गडग्याच्या आडोशाला, जमिनीपासून वीतभर उंचीवर ठेवा. तिथे वारा कमी लागतो आणि गवताचा आवाज जवळून मिळतो. केसाळ कवच कायम चढवलेलं असू द्या. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट ठेवा आणि सर्वांत मोठा आवाज उणे १२ डेसिबलच्या खालीच राहील असं बघा, कारण टिटवी अचानक ओरडते.

पावसात कवचावर पडणारा थेंब ढोलासारखा वाजतो. त्यासाठी नारळाच्या सोडणांचा काथ्या मोकळा करून, बोटभर जाडीचा थर तारेच्या सांगाड्यावर पसरून तो मायक्रोफोनच्या वर वीतभर अंतरावर ठेवते. थेंब काथ्यात फुटतो आणि आवाज न करता झिरपतो. वाडीत सोडणांची कमी नसते.

प्रत्येक जागेचा, प्रत्येक ऋतूचा वीस मिनिटांचा नुसता आवाज वेगळा घ्या, कॅमेरा बंद ठेवून. पहाटे चारनंतर घ्याल तर मोटारसायकली नसतात. सुरुवातीला स्वतःच्या आवाजात तारीख, वेळ आणि जागा सांगून ठेवा. श्वास, कपड्यांची सळसळ, पोटातली गुरगुरसुद्धा येते, म्हणून मुद्रक चालू केल्यावर तुम्हीही लांब जाऊन बसा.

९. जिवाची काळजी

मोकळ्या सड्यावर सगळ्यांत उंच वस्तू तुम्ही आणि तुमचा धातूचा ट्रायपॉड. वळवाच्या आणि हस्ताच्या दिवसांत वीज चमकल्यापासून गडगडाट ऐकू येईपर्यंत सेकंद मोजा, त्यांना तीनने भागा, तेवढे किलोमीटर वीज लांब आहे. खरं तर गडगडाट ऐकू आला की निघायचं. कॅमेरा राहिला तर राहू द्या, पाखाडीने खाली उतरा.

जांभ्याच्या फटीत फुरसं, म्हणजे विषारी साप, असतं. रंग कातळाचाच, लांबी हातभर, आणि ते बाजूला होत नाही. ट्रायपॉडला वजन हवं म्हणून हाताने दगड उचलू नका, घरून रिकामी पिशवी न्या आणि पाण्याच्या बाटल्या भरा. पायात घोट्याच्या वरपर्यंत बूट, संध्याकाळी बॅटरी, आणि जवळचं ग्रामीण रुग्णालय कुठे आहे ते आधी माहीत असू द्या. चावलंच तर बांधाबांध, कापाकापी न करता थेट तिथे जायचं. एकटं जाणार असाल तर कुठल्या जागेवर आहात आणि किती वाजता परत येणार ते वाडीत सांगून जा.

१०. साठवण

१०० मेगाबिटच्या दराने मिनिटाला ७५० मेगाबाइट, तासाला ४५ गिगाबाइट होतात. दिवसाला दोन तास चित्रण आणि वर्षाला २५ दिवस धरले तर सव्वादोन टेराबाइट, आणि प्रती दोन हव्यात, म्हणजे साडेचार. सुरुवातीलाच हा खर्च धरा.

कार्ड रिकामं करायचा नियम एकच: दोन वेगवेगळ्या डिस्कवर प्रत गेली, दोन्ही उघडून बघितल्या, मगच. एका रात्री वाडीत वीज गेली, घाईत एकच प्रत झाली होती, सकाळी मी कार्ड पुसलं आणि आठवड्याने ती डिस्क बिघडली. आर्द्राचे सहा दिवस गेले. ते पाणी त्या वर्षी पुन्हा तसं भरलं नाही.

फाइलच्या नावात तारीख, जागेचा क्रमांक आणि नक्षत्र लिहा. वहीत वारा, ढग, कोण भेटलं, काय वास येत होता तेही लिहा. संकलनाच्या टेबलावर वास उपयोगी पडतो, कुठलं दृश्य कशाशेजारी बसेल ते त्यावरून कळतं.

११. संकलन

डाव्हिन्ची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती या कामाला पुरते. पहिला महिना काहीही कापू नका. प्रत्येक दृश्य मोठ्या पडद्यावर सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकदा बघा आणि आपलं लक्ष कुठल्या मिनिटाला उडालं, कुठे परत आलं ते लिहा. माझ्या दुसऱ्या फिल्मसाठी ३१ तासांचं चित्रण होतं, फिल्म ३८ मिनिटांची झाली.

चंडोल उडाला की लगेच कापायचा मोह होतो, कारण घटना संपलेली असते. कापू नका. तो बसला होता ती रिकामी जागा बघणाऱ्याला थोडा वेळ मिळाली पाहिजे. किती वेळ, ते दृश्य पाच-सहा वेळा पूर्ण बघून ठरवा. आवाज पुढच्या दृश्यात दोन-तीन सेकंद आधी जाऊ दिला की सांधा टोचत नाही.

रंगांत हात आवरा. आपल्या पावसाळ्याचा हिरवा आधीच गडद असतो, तो आणखी चढवला की सडा प्लॅस्टिकचा दिसतो. मी रंग बसवताना शेजारी जांभ्याचा एक खडा ठेवते, कोरडा आणि मग ओला करून, आणि पडद्यावरचा कातळ त्याच्याशी ताडून बघते.

१२. दाखवणं

महोत्सवांची घाई करू नका, पण नियम माहीत असू द्या. पुष्कळ महोत्सवांना पहिलं प्रदर्शन आपल्याकडे हवं असतं. त्याआधी फिल्म इंटरनेटवर उघडी टाकली तर दार बंद होतं, म्हणून दुवा पासवर्डखाली ठेवा. माहितीपट आणि लघुपटांसाठी १९९० पासून मुंबईत भरणारा आंतरराष्ट्रीय महोत्सव आणि २००८ पासून तिरुवनंतपुरमला भरणारा महोत्सव, या दोन्हींची प्रवेशपत्रं नीट वाचा. थिएटरात तिकीट लावून दाखवायची असेल तर सेन्सॉर प्रमाणपत्र लागतं, त्याचा अर्ज ई-सिनेप्रमाण या संकेतस्थळावर होतो. महोत्सवातल्या खेळांसाठीची सूट सहसा आयोजक मिळवतात, तरी विचारून खात्री करा. कलादालनात दाखवणार असाल तर अंधार आणि बसायला बाकं मागून घ्या. उभा माणूस दोन मिनिटांत निघून जातो.

पण पहिला खेळ वाडीत. देवळाच्या सभामंडपात पांढरी चादर ताणा, प्रोजेक्टर भाड्याने आणा, साध्या स्पीकरऐवजी दोन चांगले स्पीकर न्या, आणि इन्व्हर्टर न विसरता. निमंत्रणात ‘सात वाजता’ असं न लिहिता ‘आरती झाल्यावर’ असं लिहा. माणसं गप्प बसून बघतील अशी अपेक्षा ठेवू नका. आमच्याकडे पहिल्या दृश्यापासून बोलणं सुरू झालं: हा दगड कुणाच्या हिश्शातला, ही म्हैस कुणाची, या खोलगटीत पूर्वी मुलं पोहायला शिकायची. मी ध्वनिमुद्रक चालू ठेवला होता. त्या रात्री जागांची अकरा नावं कळली, ती कुठल्याच नकाशावर नाहीत. माझ्या तीन जागांनाही नावं होती. नंतर फिल्ममध्ये मी दृश्यांखाली तीच लिहिली.

मोजणीला आलीस का म्हणून विचारणाऱ्या आजी पुढे बसल्या होत्या. खेळ संपल्यावर त्यांनी विचारलं, “माझ्या भाऱ्याचं घेतलंस, त्याची एक प्रत देशील गो? लेकाला मुंबईला पाठवते.” म्हणून सांगते, जाताना पेनड्राइव्ह जास्तीचे न्या.